दादाची काळी दोन

४ नोव्हेंबर, मंगळ.
शेजारच्या अंगणात तुळशीचं लग्न, मग आमचं भजन. दादा पेटीवर आणि गायला, धाकटा बाळू पखवाजावर, मी झांज आणि मागचा सूर. तिसेक वर्षं हेच.
आज दादाने वरचा सा लावला आणि सोडलाच नाही. पोरंटोरंसुद्धा गप्प. समोरची काकी मला म्हणाली, "बुवांचो आवाज अजून तसोच आसा गो." तसाच नाही, हे अंगणात मला आणि बाळूलाच माहीत. निघण्याआधी पेटीची पट्टी बदलायची कळ मी दादाच्या नकळत सरकवली होती. दादाची बोटं नेहमीच्या काळी दोन पट्टीवर, आवाज एक घर खाली.
येताना वाटभर गुणगुणत होता. मला इतकं बरं वाटलं की भीतीच वाटली.

७ नोव्हेंबर, शुक्र.
लिहून ठेवते, नाहीतर पुढे मलाच खोटं वाटेल. गणपतीत दादाचा आवाज फाटला. भरल्या घरात, वरच्या ओळीवर. दोन दिवस धड जेवला नाही. "पुरे झाला. पेटी कोणाक तरी देवन टाक." दुकानात जायचा, खाली मान घालून शिलाई, परत. साठीला आला, आवाज उतरणारच. पण काळी दोन ही बाबांनी ठरवून दिलेली पट्टी. त्याखाली गाणं म्हणजे स्वतःच्या घरात वाकून शिरणं, असं त्याला वाटतं. हट्टी तर आम्ही सगळेच.
मग एका दुपारी मी कळ सरकवून पेटी त्याच्यापुढे ठेवली. "एकदा बघ तरी." डोळे मिटून गायला. संपल्यावर पाणी मागितलं आणि हसला.
बाळूचा पखवाज काही केल्या जुळेना. हातोडी थांबवून माझ्याकडे बघितलं. बोलू नको, असं मी मानेनेच सांगितलं. त्याने पखवाजाचा सूर एक घर उतरवला.

१३ नोव्हेंबर, गुरु.
मसुऱ्याकडच्या एका वाडीतून दोघे मोटरसायकलवर आले. २९ ला देवळापुढे डबलबारी, दोन बुवांचा भजनी सामना. समोर कुडाळकडचे बुवा, तरुण, सध्या त्यांचंच नाव. चहा यायच्या आत दादा हो म्हणाला.
ते निघताना एकजण म्हणाला, "शेवटचो गजर दोनय बुवांनी मिळान म्हणायचो. आमच्या वाडयेची पद्धत."
"म्हणू या. माझी पट्टी काळी दोन. तेंका सांगून ठेवा."
मी आत भाकरी भाजत होते. हात तव्याला लागला.
दोन पेट्या एकदम वाजणार. त्यांची खरी काळी दोन, आमची एक घर खाली. आंधळ्यालाही दिसेल. सगळ्या वाडीसमोर, माईकवर.

१७ नोव्हेंबर, सोम.
सकाळी किनाऱ्यावर. रापणीचा, किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याचा, दोर ओढताना माणसं हाळी देतात, ती कुठल्या पट्टीत ते ऐकत उभी राहिले. पांढरी दोन असावी. धुकं होतं, माणसं अर्धीच दिसत होती, आवाज मात्र पुरा येत होता. पायाखालून वाळू सरकत होती, मी सरकले नाही.
दुपारी माझ्या खानावळीत गिऱ्हाईक उठल्यावर बाकावरच डोळा लागला. स्वप्नात पाण्याखाली घर, आम्ही तिघं लहान, बाबा पेटी वाजवताहेत आणि आवाज येतच नाही. तरी आम्ही तिघंही बरोबर गातोय. उठले तेव्हा कितीतरी वेळ गाल ओले आहेत हे कळलंच नाही.
सोलकढीत मीठ दोनदा पडलं. पुण्याहून आलेली गिऱ्हाईक बाई तशीच प्यायली, बिचारी.

१९ नोव्हेंबर, बुध.
बाळू रिक्षा लावून आला. म्हणतो, दादाला सांगून टाक.
"तू सांग."
"कळ कोणी सरकवली?"


२१ नोव्हेंबर, शुक्र.
सांगितलं. दु. ३, दुकानात. दादा ब्लाऊजला हुक लावत होता.
"दादा, पेटी एक घर खाली आसा."
"कधीपासून?"
"गणपती झाले तेव्हापासून."
सुई थांबली नाही. हुक पुरा झाला, दोरा तोडला. मग म्हणाला, "म्हणजे लोक आयकत होते तां माझां नाय."
"तुझांच होतां रे."
"आणि तुमी दोघा माझ्या पाठी बसान कींव करी होतात."
कीव नव्हे. कीव असती तर तुझं गाणं ऐकताना अंगावर काटा आला असता का? हे म्हणायला हवं होतं. मशीन सुरू झाली, मी बाहेर पडले. बाजारात मासळीचा लिलाव चालला होता, त्या गलक्यात रडून घेतलं.

२४ नोव्हेंबर, सोम.
तीन दिवस दादा माझ्याशी बोलला नाही. जेवण डब्यातून नेतो, डबा घासून परत ठेवतो. हा घासलेला डबा मला शिवीपेक्षा लागतो.
मलाही राग येतोय. एवढा कसला ताठा? आवाज काय एकट्याचा असतो? मागे आम्ही दोघं नसतो तर त्याच्या काळी दोनला कोण विचारत होतं? लिहिलं आणि लगेच लाज वाटली. राहू दे तसंच.
दुपारभर समुद्र पत्र्यासारखा पांढरा. बघता बघता भात करपला.

२८ नोव्हेंबर, शुक्र.
संध्याकाळी दादा आला. पेटी जवळ ओढली, भाता उघडला, वाजवली नाही.
"बारी रद्द करूक नाय."
"बरां."
"ह्या वयात मिया पट्टी उतरवलंय असा माझ्या तोंडात्सून येवचा नाय. तेव्हा तू ठरव. त्या बुवांका फोनय तूच कर. खंयची पट्टी ठरवतंस तां माका सांगा नको."
"आणि आवाज फाटलो तर?"
"फाटात. तू मागे आसस मा?"
मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "त्या दिवसांत माका खरांच बरां वाटी होतां गो." आणि चहा न घेता गेला.
कुडाळच्या बुवांना फोन करून विचारलं, गजर काळी दोनमध्ये की एक घर खाली. फार अदबीने बोलले. "ताई, तुमी म्हणशात ती पट्टी. आमका काय, दोनय चलतत. सांगा."
म्हटलं, सकाळी कळवते.

२९ नोव्हेंबर, शनि. सकाळ
टेम्पो चारला येणार. बाळूने पखवाज जुळवून गवसणीत घालायचा बाकी ठेवलाय, माझ्या तोंडाकडे बघतोय. कळीवर बोट ठेवून कधीची बसलेय. पट्टी खाली ठेवली तर तो आज निर्धास्त गाईल, सुंदर गाईल, आणि जन्मभर त्याला शंका राहील. काळी दोनवरच ठेवली तर जे होईल ते त्याचं स्वतःचं. मला दोन्ही हवंय. दोन्ही कसं मिळणार?
दादा आलाय. मागीलदारी विहिरीपाशी उभा आहे, पेटीशिवाय, नुसता सा लावतोय. मी ऐकतेय. काळी दोनच्या अगदी जवळ येतो, केसभर खाली राहतो. थांबतो. पुन्हा लावतो.
फोन वाजतोय. कुडाळचे बुवा.
अजून एकदा लावू दे त्याला, मग उचलते.