दरसाल सत्तर मीटर

३ जुलै

पोचले एकदाची! जीपने पुलाशी सोडलं आणि तिथून तीन तास नुसता चढ. पाठीवरच्या पिशवीने खांदे सोलून निघालेत, टाचेला फोड आलाय, तरी मन इतकं खूश आहे की झोपायच्या आधी हे लिहिल्याशिवाय राहवत नाही.

ज्यांचं पुस्तक वाचून मी पास झाले, ते सर स्वतः अर्ध्या वाटेवर घ्यायला आले होते. माझी पिशवी जबरदस्तीने आपल्या पाठीवर घेतली. वय साठीच्या पुढे, पण चाल अशी की मी मागे धापा टाकतेय आणि ते पुढे शीळ घालतायत.

हिमनदी मोजायचं हे ठाणं म्हणजे पत्र्याच्या छपराची दगडी खोली, तिच्या पोटात आणखी तीन छोट्या खोल्या. मधे शेगडी, तिच्याभोवती वाळणारे मोजे, भिंतीवर खुंट्यांना दोर आणि बर्फकुऱ्हाडी. खिडकीतून हिमनदी दिसते. चित्रातल्यासारखी शुभ्र वगैरे काही नाही हं. खालचं टोक दगडमातीने माखलेलं, मळक्या गोधडीसारखं. गोधडीला भेगा पडल्यात आणि आतून निळा रंग डोकावतो.

इथे आणखी दोघं आहेत. वाटाड्याला सगळे मामा म्हणतात. त्याची थोरली बहीण स्वयंपाक बघते. मी मामा म्हणताच तो म्हणाला, मग तू भाची, आणि ही माझी बहीण म्हणजे तुझी आईच झाली की! यावर आक्कांनी त्याला पळीने मारलं आणि मला सांगितलं की नुसतं आक्का म्हण, एवढी मोठी लेक मला परवडायची नाही. गोटा नावाचा एक कुत्राही आहे. माझा डावा मोजा त्याने आधीच पळवलाय.

५ जुलै

सरांबरोबर दिवसभर दरीत. पाण्याने कापलेली दरी तळाशी अरुंद असते. ही मात्र परातीसारखी, तळ सपाट आणि कडेच्या भिंती सरळ उभ्या. एके काळी हा बर्फ पार काठापर्यंत भरलेला होता आणि सरकता सरकता त्याने डोंगर किसून काढला. दोन्ही बाजूंना छोट्या दऱ्या अधांतरी लोंबतायत, त्यांतून धबधबे कोसळतात. खालची नदी दुधासारखी, कारण तिच्यात दळलेल्या खडकाचं पीठ आहे.

सरांनी माझा तळहात एका काळ्या खडकावर ठेवायला लावला. वरून गुळगुळीत, पण एका दिशेने नेलेल्या ओरखड्यांनी भरलेला. बर्फाच्या तळाशी अडकलेल्या दगडांनी ते काढलेत. सर बोलताना त्यांचा आवाज हळू होतो, आजारी माणसाजवळ बसून बोलावं तसा.

परतताना मामाने वर बोट दाखवलं. काळ्या सुळक्याच्या खांद्याखाली एक रुंद भेग आहे. सव्वीस वर्षांपूर्वी त्याचा आणि आक्कांचा धाकटा भाऊ तिच्यात पडला. सरांचा मदतनीस होता, वय बावीस. दोघं एकाच दोराने बांधलेले. वरचा बर्फ फुटला, दोर खडकाच्या धारेवर तुटला, सर वाचले. मामा म्हणाला, सरांनी तीन दिवस भेगेपाशी बसून हाका मारल्या. तेव्हापासून मामा आणि आक्का दोघंही उन्हाळाभर सरांकडेच असतात. सरांनीच त्यांना कामाला ठेवून घेतलं.

८ जुलै

आज तोंड बंद ठेवलं असतं तर बरं झालं असतं.

बर्फावर रंगवलेले दगड दर उन्हाळ्याला किती खाली सरकले याच्या नोंदी मी तपासत होते. वर्षाला साधारण सत्तर मीटर. ती भेग हिमनदीच्या तोंडापासून, म्हणजे खालच्या टोकापासून, अठराशे मीटरवर. सव्वीस गुणिले सत्तर, अठराशे वीस. जेवताना मी शहाणपणा करून सांगून टाकलं की धाकटा असेलच तर याच उन्हाळ्यात हिमनदीच्या तोंडाशी बाहेर येईल.

मामाचा चमचा हातातच राहिला. आक्कांनी सूप वाढायचं थांबवून मला पुन्हा सगळं सांगायला लावलं, अगदी सावकाश. मग त्यांनी विचारलं, चेहरा ओळखू येईल का गं? मी म्हटलं, बर्फात राहतो बऱ्याचदा. त्यांनी पदराने डोळे पुसले आणि हसल्या. एवढं खरं हसताना मी त्यांना पाहिलं नव्हतं.

सर म्हणाले, हिशेब चुकला. खोलवरचा बर्फ तळाला घासत हळू सरकतो, अजून निदान चाळीस वर्षं लागतील. तेव्हा आपण कुणीच नसू. एवढं बोलून ते उठले. सूप तसंच.

मी पुन्हा मोजलं. चूक नाही. आणि सरांना हे माझ्याहून चांगलं कळतं.

११ जुलै

तीन दिवस झाले, सर पहाटे उजाडताच एकटेच हिमनदीच्या तोंडाशी जातात. दुपारी परततात ते कोपरापर्यंत भिजलेले, हाताला फोड. आम्हाला तिकडे फिरकायला बंदी आहे, बर्फाचे कडे कोसळतायत म्हणे. कोसळतात हे खरं, तोफ उडाल्यासारखा आवाज येतो. पण मग ते स्वतः का जातात?

आज मी एवढंच विचारलं की कुऱ्हाडीची धार इतकी बोथट कशी झाली. त्यांनी हातातला चहाचा मग भिंतीवर फेकला. कपची माझ्या कानाला लागली. लगेच माफी मागितली, स्वतःच्या हाताने औषध लावलं, माझ्या वडिलांची चौकशी केली.  

१३ जुलै

गोटाला मारलं त्यांनी.

सकाळी तो हिमनदीच्या तोंडाशी जोरजोरात भुंकत होता. बंदी मोडून मी धावले. पोचले तेव्हा सरांची कुऱ्हाड त्याच्या पाठीत होती. ती ओढून काढून त्यांनी पुन्हा घातली. आणि पुन्हा. तो केव्हाच मेला होता तरी. मला बघून म्हणाले, पिसाळला होता. चेहऱ्यावर रक्ताचे थेंब, चष्म्यावरही, आणि आवाज मात्र नेहमीचा.

त्यांच्या मागे बर्फाच्या भिंतीत गुडघ्याएवढ्या उंचीवर लाल रंग दिसला. तो गोटाच्या रक्ताचा नव्हता. लोकरीच्या विणीचा होता.

मी काही पाहिलं नाही असं दाखवून परतले. आक्कांना विचारलं, धाकट्याच्या अंगात काय होतं? म्हणाल्या, मी विणलेला लाल स्वेटर.

१५ जुलै

मी पाहिलेलं लाल मामा-आक्कांना सांगितलं होतं. सर आज सकाळी वरच्या खुणा मोजायला गेले. पाठ फिरताच आम्ही तिघं फावडी घेऊन निघालो. दुपारपर्यंत धाकट्याला बाहेर काढलं.

नीट लिहायला हवं. साक्ष म्हणून तरी.

त्वचा काळपट, चामड्यासारखी. चेहरा शाबूत. मामासारखंच नाक. आक्कांनी आधी त्याच्या केसांतले खडे वेचले. मग टाळूवरची फट दिसली, चार बोटं रुंद, कुऱ्हाडीच्या पात्याएवढी. कमरेला दोर होता, वीतभर. टोक एका घावात कापलेलं. घासून तुटलेला दोर कसा पिंजतो हे मामाला सांगावं लागत नाही. उजव्या हाताची चारही बोटं नव्हती. एका सरळ रेषेत उडवलेली.

हे सगळं जुनं. डावा हात मात्र खांद्यापाशी कालपरवाच तोडलेला, आतलं मांस फिकट. रोज सकाळी सर हेच करत होते. बर्फातून त्याला सुटा करून नदीत सोडायला बघत होते.

मामा त्या बोटं उडवलेल्या उजव्या हाताकडे बघत बसला. मग म्हणाला, दोर सरांनीच कापला. पण पोरगं मेलं नव्हतं. चढून वर आलं होतं. काठ धरला होता त्याने.

मागे सर कधी येऊन उभे राहिले कळलंच नाही. शांतपणे म्हणाले, दोर कापला नसता तर मीही गेलो असतो, कुणीही कापला असता. मामाने विचारलं, आणि बोटं? सरांनी चष्मा काढून पुसला. आक्का उठल्या, त्यांच्यापुढे गेल्या आणि म्हणाल्या, सव्वीस वर्षं तुला ऊन ऊन वाढलं रे मी.

ते वळून ठाण्याकडे चालू लागले.

१६ जुलै

मामा गेला.

सकाळी तो सरांच्या खोलीतला वायरलेस आणायला गेला, खाली पोलिसांना कळवायला. दार उघडलं आणि कुऱ्हाड आली. मानेत. मामा पडता पडता शेगडीची सळई त्यांच्या गुडघ्यावर घालून गेला, हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. दुसरा घाव मामाच्या तोंडावर. पुढचे मोजले नाहीत. भिंतीवर, मोज्यांवर, माझ्या वहीवर रक्त उडालं. हे डाग तेच.

आक्का भावाच्या अंगावर पडल्या. घाव त्यांच्या खांद्यात. गळ्याजवळचं हाड फुटून वर आलंय. मी उकळत्या पाण्याचं भांडं सरांवर फेकलं, आक्कांना ओढत बाहेर काढलं.

पुलापर्यंत चार तास लागले. फळ्या नाहीत. सगळ्या काढलेल्या, नुसत्या तारा लोंबतायत. रात्रीतच केलं असणार. खाली पांढरी नदी. या खांद्याने आक्का तारेवरून जाणं शक्य नाही. त्या म्हणतात, तू जा. मला नाही जमणार त्यांना सोडून.

जीप २० तारखेला.

१७ जुलै, दुपार

पुलापासून थोडं वर, हिमनदीने कधीकाळी आणून टाकलेल्या दगडांच्या राशीत आहोत. घराएवढा एक खडक, खाली माणूस सरपटत जाईल एवढी फट. आक्कांना आत घेतलंय. ताप. माझा स्वेटर फाडून बांधला, रक्त थांबत नाही.

ते येतायत. लंगडत. खडीवर आधी एक पाय वाजतो, मग ओढलेला दुसरा.

बोलतायत. वर्गात शिकवतात तसं. हा खडक इथला नाही, पोरी, बघ, याचा रंग वेगळा, दहा कोस वरून आलाय. कुठल्या खडकाबद्दल — दिसत नाही. आवाज सगळीकडून येतो.

१७, संध्याकाळ. ऊन आहे अजून

गेले वाटतं. पाणी संपलं. आक्का शुद्धीवर आल्या, म्हणाल्या मामाला जेवायला बोलाव.

१८ जुलै

कण्हतात. मी सांगते हळू, हळू. थांबत नाही. त्यांच्या हातात नाही ते.

पाऊल. ओढलेलं पाऊल.

माझ्या नावाने हाक. वडिलांना काय सांगू म्हणून विचारतायत. पुस्तकात माझं नाव घालतील म्हणे —

आक्का, गप्प. गप्प राहा ना —

नंतर

अगदी जवळ आले होते. बूट दिसले. पोटरीवर भाजल्याचे फोड.

मी आक्कांच्या तोंडावर हात ठेवला. त्यांनी माझं मनगट धरलं. जोरात. मी हात दाबला. बूट हलेनात. मी पण हलले नाही. मोजत राहिले, शंभर, दोनशे —

मग आक्का शांत झाल्या. मला बरं वाटलं. लिहून ठेवते, बरं वाटलं मला.

बूट गेले. हात काढला.

ओठ निळे. डोळे उघडे, माझ्याकडेच. मनगटावर त्यांच्या नखांचे —

आक्का. आक्का.

मी नाही. कुऱ्हाड त्याने घातली. ताप होता. रक्त गेलं होतं. मी फक्त —

अजून

गेलेले नाहीत. खडकावर चढून बसलेत. वरून बारीक खडी वहीवर पडतेय.

विचारतायत, आक्का कशी आहे.

पुन्हा विचारतायत. अगदी मायेने.

मी त्यांना सांगितलं की आक्कांना मीच —