एफ्राइनचा निळा सदरा

लिमा, मंगळवार

आई,

तुला आणि बाबांच्या दुखऱ्या गुडघ्याला नेलीचा नमस्कार.

मी बरी आहे. काकांकडे जेवणाची आबाळ नाही, फक्त तुझ्या हातचं वाळवलेल्या बटाट्याचं सूप आठवतं. अल्पाकांची लोकर कातरून झाली का? बाबांना डोंगरावर एकटं पाठवू नकोस.

राष्ट्राध्यक्षांना संसदेने काढलं तेव्हा आपल्या चौकात सगळे नाचले होते. काल त्यांचा खटला सुरू झाला. तुझ्या लेकाचा, आपल्या एफ्राइनचा फोटो छातीशी धरून मी कोर्टात बसले. आरोप वाचले ते लाचेचे, दागिन्यांचे, भावाला दिलेल्या रस्त्याच्या कंत्राटाचे. त्यांच्या काळात पुलावरच्या मोर्चावर गोळ्या झाडल्या, आपली माणसं मेली, त्याचा साधा उल्लेखही नाही.

बाहेर आल्यावर आपल्या वकिलांना विचारलं. ते म्हणाले, "ताई, ते प्रकरण बंद केलंय. गोळ्या घालायला कुणी सांगितलं, याचा पुरावा नाही म्हणे."

शेजारी होसेफाबाई होत्या. त्यांचाही मुलगा त्याच पुलावर गेला. त्या म्हणाल्या, "म्हणजे दागिने घ्यायचे नाहीत, पोरं मारली तर चालतं."



आई, एफ्राइन गेल्यावर पाचव्या दिवशी, त्याला पुढची वाट मोकळी व्हावी म्हणून, रीतीप्रमाणे आपण त्याचे सगळे कपडे नदीवर धुतले. तो निळा सदरा तेवढा पुरावा म्हणून रक्तासकट ठेवला. मी तो घरून पिशवीत घालून आणू का, असं वकिलांना विचारलं. आता लागणार नाही म्हणाले.

ऊन बघून नदीवर जा आणि तोही धुऊन टाक. एकटी जाऊ नकोस.

तुझी,
नेली