मोकळ्या हवेतला ऑस्कर

मळा, सिन्नर

प्रिय ज्ञानेश,

फोनवर तू मला बोलू देत नाहीस. 'ताई, मीटिंगमध्ये आहे' म्हणून ठेवून देतोस, म्हणून कागद घेऊन बसले. झेंडूची तोडणी सोडून मी ओट्यावर लिहीत बसले, हे सासूबाईंना आवडलं नव्हतं. पण कोणाला लिहितेय ते कळल्यावर म्हणाल्या, लिही, चांगलं खरमरीत लिही.

गोव्याहून येईपर्यंत सांभाळ, असं सांगून तू तुमच्या त्या लाडक्या कुत्र्याला, ऑस्करला, इथे सोडलंस. उज्वला तर गाडीतून उतरलीही नाही. गोव्याचे फोटो आले, तू काही आला नाहीस. मग तुझ्या उज्वलाचा मेसेज आला, की नवीन सोफ्यावर केस पडतात, सृष्टीची दहावी आहे, आणि तसंही तो मळ्यात मोकळ्या हवेत मजेत राहील. काय रे, तुम्हा शहरातल्यांची ही रीतच झालीय का? वस्तू नको झाली की माळ्यावर, जीव नको झाला की मळ्यावर. आमच्या फाट्यावर लोक गाडी थांबवून पिल्लं टाकतात आणि वळूनही बघत नाहीत. तू निदान बहिणीचं दार गाठलंस, एवढाच काय तो फरक.

हवा मोकळी आहे, खरंय. शेजारच्या उसात बिबट्याही मोकळाच आहे. गावठी कुत्र्याला नुसता वास आला तरी ते शेपूट घालून ओट्याखाली शिरतं. तुझं हे बाळ एसीत वाढलेलं, बिबट्या समोर आला तर शेकहँडला पंजा पुढे करील. म्हणून दिवस कलला की त्याला घरात घ्यावं लागतं. ज्या सासूबाईंनी जन्मात कुत्र्याला उंबरा ओलांडू दिला नाही, त्यांच्या खाटेखाली तो झोपतो. त्याला मराठी येत नाही हे कळायलाच आम्हाला वेळ लागला. ये म्हटलं, बस म्हटलं, तरी नुसता बघायचा. हे म्हणाले, बहिरं दिसतंय. मी सहज 'सिट' म्हटलं, तर टुणकन बसला. आता सासूबाईही 'शीट आवसकर, शीट' म्हणतात. ऑस्करचं त्यांनी आवसकर केलंय, एखाद्या तलाठ्याचं आडनाव असावं तसं.

हसू नकोस. तेव्हा आम्हाला कोणाला हसू येत नव्हतं. तो जेवायचा नाही. रस्त्याकडे तोंड करून बांधावर बसायचा, आणि तुझ्यासारखी पांढरी गाडी दिसली की झेंडूच्या सऱ्या तुडवत धावायचा. मग ती दुधाची असो नाहीतर लग्नाची. गाडी निघून गेली की परत येऊन तिथेच बसायचा. अंगावर गोचिड्या झाल्या, खाजवून खाजवून चट्टे पडले. जीपमधून मांडीवर घेऊन मी त्याला सिन्नरला डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी विचारलं, लस कधी टोचली होती? तुला फोन केला तर तू मीटिंगमध्ये. इतका संताप आला मला, की समोर असतास तर थोबाडीत दिली असती. एकदा सासूबाईच बांधावर त्याच्याजवळ जाऊन बसल्या. म्हणाल्या, आवसकर, ज्याला यायचंच नाय, त्याची वाट नको पाहू.

आता तो बांधावर बसत नाही. परवा फुलांच्या व्यापाऱ्याची पांढरी गाडी आली. त्याने मान वर केली, बघितलं, आणि पुन्हा सासूबाईंच्या पायावर हनुवटी टेकली. त्या दोडक्याच्या शिरा काढत होत्या. नंतर बराच वेळ त्यांनी पाय हलवला नाही.

आणि काल तुझा फोन आला. या वेळी मीटिंग नव्हती. नाशिक रोडला रो-हाऊस घेतलंय, राखणीला कुत्रं हवंच, रविवारी ऑस्करला घेऊन जातो, त्याचे कागद माझ्याच नावावर आहेत, म्हणालास. सासूबाई समोर होत्या, म्हणून मी नुसतं बघू म्हटलं. आता स्पष्ट लिहिते. ऑस्कर येणार नाही. राखण हवी असेल तर चांगलं कुलूप घे, त्याचे केस गळत नाहीत. रविवारी तू जेवायला जरूर ये, सृष्टीलाही आण. पण तुझी पांढरी गाडी घरी ठेव. सिन्नरची एसटी पकड, फाट्यावर उतर, मी घ्यायला येते. कारण तू गाडीचं दार उघडलंस तर तो लगेच चढून बसेल, तुझे हात चाटेल. राग धरणं त्याला जमत नाही. म्हणून तो मी धरलाय.

तुझीच,
मंजुषाताई