रविवारची गोळी

प्रिय अपोंडी,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून तू हे तसंच बाजूला ठेवशील, हे मी धरूनच चालले आहे. म्हणून हे घेऊन येणाऱ्या मिल्काला बजावलंय, तिच्यासमोर पत्र वाचून झाल्याशिवाय सुक्या ओमेना मासळीची पिशवी हातात द्यायची नाही. ओमेना यंदा चांगली आहे, बारीक आणि वाळू नसलेली, मी स्वतः वाळवलेली. आणि सुरुवातीलाच सांगते, म्हणजे पुढचं नीट वाचशील: तुझी आई बरी आहे. माझ्या कोंबड्या तिच्या अंगणात शिरल्या म्हणून आज सकाळपासून तिनं मला दोनदा झापलंय, दुसऱ्यांदा तर माझ्या माहेरचाही उद्धार केला. एवढी बरी आहे.

जूनमधला तुझा फोन मी विसरलेले नाही. सहा वर्षांची होतीस तेव्हा मी ह्या घरात आले, तेव्हापासून तू मला धाकटी आई म्हणत आलीस. त्या दिवशी म्हणालीस, "रिस्पा, माझ्या आईला काय खायला घातलंस?" मी क्षणभर गप्प राहिले. तेवढ्यावरून तू काय ते ठरवलंस आणि फोन ठेवलास. त्यानंतर माझा नंबर दिसला की कापतेस. मला राग आला. अजून आहे, खोटं कशाला बोलू? तुझा बाप जाऊन अकरा वर्षं झाली, त्याच्यामागे आम्ही त्याच्या दोघी बायका एकाच कुंपणात राहतो, तिचं घर मध्ये, माझं उजव्या हाताला, आणि माझ्याकडे मासा शिजला की पहिली वाटी तिच्याकडे जाते. तरी एकीचा ओठ सुजला की लोक दुसरीच्या चुलीकडे बघतात. लोकांचं सोड, ते बघणारच. तू एवढी शिकलेली, तूही तिकडेच बघितलंस.

तुला सगळं तुकड्यातुकड्यांनी कळलंय आणि त्यातलं निम्मं खोटं आहे, म्हणून क्रमानं सांगते. ओठ पहिल्यांदा सुजला तो मे महिन्यात. सकाळी ती माझ्याकडे चहाला आली तर वरचा ओठ एका बाजूनं असा फुगलेला की कप तोंडाला लावता येईना. मला हसू आलं. ती म्हणाली, हस हस, तुझं तोंड तर बाराही महिने असंच असतं. मधमाशी चावली असणार असं ठरलं. मी नांगी शोधली, नांगी नाही. खाज येते का विचारलं, तर नाही. आग होते का, तीही नाही. नुसता जड लागतो म्हणाली. गार पाण्याच्या घड्या ठेवल्या, दोन दिवसांत ओठ जागेवर आला. घड्यांनी उतरला असं मी बाजारात चार जणींना सांगितलं आणि हुशार ठरले.

दुसऱ्यांदा जूनमध्ये. ह्या वेळी खालचा ओठ आणि डावा गाल. आपल्याकडची रीत तुला माहीत आहेच: पहिलं बी थोरल्या बायकोनं टाकायचं, पहिली खुरपणी तिची, आणि नवा मकाही आधी तिच्या तोंडात जायचा. धाकटीनं त्याआधी खाल्ला तर घराला शाप लागतो. तुझे ओयूगी काका आले, अंगणाच्या मधोमध खुर्ची टाकून बसले आणि म्हणाले, ह्या घरात कुणीतरी आधी कणीस मोडलंय, तोंडाचं पाप तोंडावर आलं. बोलताना त्यांनी माझ्याकडे मुद्दाम बघितलं नाही, म्हणजे सगळ्यांना बरोबर कळलं. अपोंडी, मी मोडलं होतं. बाजारातून उपाशी येत होते, शेताच्या कडेचं एक कोवळं कणीस मोडलं, भाजलंसुद्धा नाही, अर्धं उभ्याउभ्या खाल्लं आणि उरलेलं बकरीला घातलं. त्यानंतर चार दिवसांनी तिचा ओठ सुजला. तू फोनवर विचारलंस तेव्हा माझी वाचा बसली ती ह्यामुळे. मी तिला काही घातलं नव्हतं, मी स्वतः खाल्लं होतं.

काकांनी कसल्या कसल्या मुळ्यांचा काढा दिला, तो आम्ही दोघींनी नाक दाबून प्यायला. पाद्री येऊन प्रार्थना करून, कपाळाला लावायचं तेल देऊन गेले. औषधाच्या दुकानातल्या बाईनं ॲलर्जीच्या पिवळ्या गोळ्या दिल्या. सूज उतरली दोन दिवसांत, आणि मग प्रत्येक जण म्हणायला लागला की माझ्यामुळे. कावळा बसायला आणि फांदी तुटायला गाठ पडते म्हणतात. इथे एका फांदीवर तीन कावळे बसले होते, घड्या ठेवणारी मी धरली तर चार. सूज आपली आपणच उतरते आहे, हे एकाच्याही डोक्यात आलं नाही. माझ्याही नाही. मी तर त्या अर्ध्या कणसाची मनातल्या मनात देवाजवळ माफी मागत हिंडत होते. बाजारात दोघी-तिघींनी माझ्याकडून मासळी घेणं सोडलं, त्याचंही मला काही वाटेना. वाटायचं, बरोबरच आहे.

तिसऱ्यांदा ऑगस्टमध्ये, महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारी, भर दुपारी. तिनं कुंपणापाशी येऊन मला हाक मारली ती मला कळलीच नाही. तोंडात गरम बटाटा धरून बोलावं तसा आवाज. धावत गेले तर दोन्ही ओठ सुजलेले आणि जीभसुद्धा. लाळ गिळवत नव्हती, ती पदराला पुसत उभी होती. रस्त्यावरून जाणारा भाड्याच्या मोटरसायकलीचा बोडावाला थांबवला, तिला मध्ये बसवलं, मी मागून कवळ घातली आणि मोटरसायकलवर सगळा वेळ तिच्या पाठीला कान लावून बसले, श्वास चालू आहे का ऐकत. तेव्हा मात्र राहवलं नाही. तिच्या खांद्यावरून ओरडून सांगितलं, थोरले, मका मी खाल्ला. तिनं उत्तर दिलं नाही. देणार कशी?

आपल्या दवाखान्यात ओचोला म्हणून नवा डॉक्टर आलाय, चष्मेवाला, माझ्याकडूनच मासळी नेतो. त्यानं इंजेक्शन दिलं, ऑक्सिजन लावला, मोठ्या इस्पितळाची गाडी मागवली आणि गाडी येईपर्यंत तिला ताठ बसवून शेजारी उभा राहिला. मला म्हणाला, जेवण सोडून तिच्या तोंडात जे जे जातं ते सगळं घेऊन ये. मी परत घरी आले आणि पिशवीत भरलं: काकांच्या मुळ्या, पिवळ्या गोळ्या, दात घासायची काडी, कपाळाला लावायचं ते तेलसुद्धा, आणि साखरेच्या डब्यामागचा तिचा निळा डबा. मुळ्या बघून तो नाक मुरडेल असं मला वाटलं होतं. त्यानं मुळ्यांकडे बघितलंच नाही. निळा डबा उघडला, गोळ्यांच्या पट्टीमागचं नाव वाचलं आणि विचारलं, ह्या कधीपासून? मी म्हटलं, ईस्टरपासून, लेक पाठवते.

हो, त्याच. तू पाठवतेस त्या रक्तदाबाच्या गोळ्या. एनालाप्रिल असं नाव त्यानं मला कागदावर लिहून दिलंय. औषध वाईट नाही म्हणाला, पुष्कळांना मानवतं. पण काही थोड्या लोकांना, आणि आपल्यासारख्या काळ्या लोकांत जरा जास्तच जणांना, त्यानं ओठ सुजतात, जीभ सुजते, कधी घसा सुजतो. गोळी सुरू केली की लगेच होईल असंही नाही, काही महिन्यांनीसुद्धा होतं. अंगावर पुरळ नाही, खाज नाही, हीच त्याची खूण. दोन दिवसांत सूज आपोआप जाते, म्हणून लोक नको त्याला गुण आला म्हणतात, आणि गोळी चालू राहिली की ती पुन्हा येते. ॲलर्जीच्या औषधांचा तिच्यावर फारसा उपयोग होत नाही. म्हणजे उपाय एकच: ती गोळी बंद, कायमची, आणि तिच्या जातीतली दुसरीही घ्यायची नाही. शिवाय अशी सूज दिसली की वाट न बघता दवाखाना गाठायचा, कारण घसा मिटला तर माणूस तासाभरात जातं. मोठ्या इस्पितळात तिला दोन दिवस नजरेखाली ठेवलं. घशात नळी घालायची वेळ आली नाही. आता दुसऱ्या जातीची गोळी दिली आहे, ती दवाखान्यातच मिळते आणि तिला मानवते.

तुझा दोष नाही. तुझ्या सासूला त्याच गोळ्या किती वर्षं चालतात, म्हणून तू आईलाही काळजीनं पाठवल्यास. तुला कळणार कसं? तरी खरं सांगते, डॉक्टरनं नाव वाचलं तेव्हा माझ्या मनात पहिलं काय आलं असेल? की आत्ताच्या आत्ता अपोंडीला फोन लावावा आणि विचारावं, काय खायला घातलंस माझ्या थोरलीला? ते आलं तसं गेलं. मग मी दवाखान्याच्या आवारात जाऊन रडले. शाप नव्हता, अर्धं कणीस नव्हतं, माझा हात नव्हता. तुझ्या आईला दुसऱ्या दिवशी नीट बोलता यायला लागलं तेव्हा तिचं पहिलं वाक्य होतं, मका कोणाच्या शेतातला खाल्लास? माझ्याच, मी म्हटलं. मग ठीक आहे म्हणाली, तुझा मका असाही बेचव असतो.

गोळ्यांचं मात्र तिनं मला शपथ घालून सांगितलं. अपोंडीला कळता कामा नये, पोर मनाला लावून घेईल, तिची झोप उडेल. तुला तिनं मासा बाधला म्हणून सांगितलं. मासा म्हणजे माझाच, दुसरा कोणाचा असणार? सूज गेली तिची आणि नाव राहिलं माझं. तरी मी हो म्हटलं. तुला आठवतं का, तू आठ वर्षांची असताना चोरून होडीत गेली होतीस आणि मासे धरायचा गळ ओठात रुतला? मी काटा पुढे ढकलून टोक तोडलं, मिठाच्या पाण्यानं धुतलं. ओठ वांग्याएवढा झाला होता. तू हुंदके देत म्हणालीस, धाकटी आई, तिला सांगू नकोस, होडीत गेले कळलं तर मारेल. मी सांगितलं, दगडावर पडली. त्याचा पांढरा वण तुझ्या ओठाखाली अजून असेल, आणि खरं काय ते तिला आजही माहीत नाही. तोंड बंद ठेवायला मला येतं. हेही ठेवलं असतं.

पण परवा रविवारी चर्चहून आल्यावर मी चिमूटभर मीठ मागायला तिच्या घरात गेले, तर ती निळा डबा मांडीवर घेऊन बसलेली आणि गोळी तोंडात टाकत होती. मी हात धरला तोवर गिळलीसुद्धा. मी ओरडले, हे काय चाललंय तुझं? तर शांतपणे म्हणाली, आज पोरीचा फोन येणार. ती दर रविवारी विचारते, आई, माझ्या गोळ्या घेतेस ना? घेतल्या नाहीत तर हो कसं म्हणू? सोमवार ते शनिवार ती दवाखान्यातली गोळी घेते, आणि रविवारी तुझी. एकानं काय होतंय म्हणते. इस्पितळातून आल्यापासून तीन रविवार झाले. मासा बाधला हे खोटं तुला सांगताना तिची जीभ अडखळली नाही, इथे मात्र तिला सत्य आठवलं. मी डॉक्टरचं सांगून बघितलं, रागावून बघितलं, पाया पडले. म्हणते, लेकीनं पाठवलंय ते टाकू कसं? सहा वर्षांत तू आली नाहीस, अपोंडी. टोचून बोलत नाही, तुझी नोकरी आहे, मुलं आहेत. पण तुझ्याकडून तिच्याकडे दर महिन्याला येतो तो हा डबाच.

तो मी उचलून चुलीत घालू शकते. पण लेकीनं पाठवलेलं औषध सवतीनं जाळलं, एवढी गोष्ट ओयूगी काकांना वर्षभर पुरेल, आणि तुझी आई तुला फोनवर म्हणेल गोळ्या संपल्या, तू बिचारी नव्या पाठवशील. म्हणून शपथ मोडून हे लिहिलं. माझ्याशी बोलायचं नसेल तर नको बोलूस. फक्त येत्या रविवारी सकाळी लवकर फोन कर, आम्ही चर्चला जायच्या आधी, आणि गोळी घेतलीस का असं विचारू नकोस. तुला सगळं कळलंय म्हणून सांग, आणि डबा धाकटीच्या हातात दे म्हण. तुझ्या तोंडून ऐकलं की ती देईल. रडायचं तर फोन ठेवल्यावर रड. सप्टेंबरची पेरणी तोंडावर आली आहे, बी निवडून आम्ही दोघींनी एकाच मडक्यात ठेवलंय. पहिली मूठ तिनं टाकायची, मग मी. लोकांना वाटतं, धाकटीला पहिलं होण्याची घाई असते. मला पहिली पेरणी नको आहे, अपोंडी.

तुझीच,
धाकटी आई