मागच्या डाव्या कोपऱ्याचे चौदा मिलिमीटर

प्रिय दादा,

सात महिन्यांनी माझं पत्र आलेलं बघून तू आधी शेवटचं पान उलटशील, हे मला माहीत आहे. लहानपणी गोष्टीच्या पुस्तकांचंही तू तेच करायचास आणि वर मला शेवट सांगून टाकायचास. या वेळी तेवढं करू नकोस. सुट्टीच्या दिवशी गॅरेजमध्ये बाबा आपल्याला एखादी बंद पडलेली गाडी द्यायचे, आठवतं? ज्याला बिघाड आधी सापडेल त्यानं किल्ली फिरवायची. तुला नेहमी आधी सापडायचा आणि मी बारा-तेराचा पाना हातात धरून रडकुंडीला आलेली असायचे, म्हणून तर तू मला बारा-तेरा म्हणायला लागलास. तर आज मी तुला एक बिघाड पाठवते आहे. सगळी लक्षणं जशी मला दिसली त्याच क्रमानं लिहिते, काही लपवत नाही. तू आता लिफ्टची तपासणी करणारा मोठा साहेब झालायस, तरी बघू या सुटतं का.

गाडी भूमितीच्या बाईंची. तुला त्या माहीत नाहीत, तू गेल्यावर आपल्याकडे यायला लागल्या. शाळेतून निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पण अजून कुणाशीही बोलताना समोर फळा असल्यासारखं बोलतात. त्यांच्या मोठ्या बहिणीला पाय उचलून चढता येत नाही, म्हणून त्यांनी ही दार उघडलं की खाली बसणारी गाडी घेतली. बहीण आत बसली की गाडी हळूच उठून उभी राहते. बाई म्हणतात, आमच्या घरात एवढं कुणीच ऐकत नाही.

अशा गाड्या तुझ्या वेळी आपल्याकडे येत नव्हत्या, म्हणून थोडं समजावून सांगते. हिला लोखंडी स्प्रिंगा नसतात. चार चाकांवर चार रबरी बलून असतात, एक छोटा कॉम्प्रेसर त्यांत हवा भरतो, आणि प्रत्येक चाकापाशी एक सेन्सर असतो, जो आपला कोपरा किती उंच आहे ते सारखं सांगत राहतो. बाईंच्या गाडीचा मागचा डावा बलून फाटला होता. मी बलून बदलला, सेन्सर बदलला. पण सेन्सर नवा बसवला की सरळ उभं राहणं म्हणजे काय, हे गाडीला नव्यानं शिकवावं लागतं. या कामातलं मला हेच सगळ्यात आवडतं. गाडी सपाट जागी उभी करायची, टायरमधली हवा बरोबर हवी, डिकी रिकामी, दारं बंद, आत कुणी नाही. मग चाकाच्या मध्यापासून मडगार्डच्या कडेपर्यंत टेपनं चारही कोपरे मोजायचे आणि ते आकडे लॅपटॉपमधून गाडीला कळवायचे. तेवढा वेळ, आणि नंतर रस्त्यावर धावेपर्यंत, तिचं आपोआप उठणं-बसणं बंद असतं. ती त्या क्षणी जशी उभी असेल तसं स्वतःला लक्षात ठेवते. त्या क्षणाबद्दल ती पुन्हा कधी शंका घेत नाही.

सपाट जागा म्हणशील तर आपल्याच त्या चार पोलादी पाट्या, बाबांनी जमिनीत बसवलेल्या. गवंड्यांची पाणी भरलेली पारदर्शक नळी घेऊन त्यांनी त्या एका पातळीत आणल्या होत्या. एका टोकाला तू, दुसऱ्या टोकाला मी, आणि मध्ये बाबा ओरडतायत की हलू नका, पाणी थांबू द्या. तू मुद्दाम तुझं टोक जरासं वर करायचास आणि माझ्याकडचं पाणी चढायचं. माझी चूक म्हणून मी घाबरायचे. बाबांना सगळं कळत होतं, पण त्यांनी तुझं नाव कधी घेतलं नाही.

तर मी सगळं नियमाप्रमाणे केलं. चारही कोपरे मोजले. लॅपटॉप धुळीमुळे काचेच्या खोलीत ठेवते, तिथे जाऊन आकडे भरले. मोठ्या टाकीचा कॉम्प्रेसर धडधडत होता, त्यामुळे मी दार लावून घेतलं होतं. गाडीनं काम झाल्याची शिट्टी वाजवली. तुला माहीत आहे मी किती संशयी आहे, बाहेर येऊन पुन्हा मोजलं. चारही आकडे जागच्या जागी. बाईंना गाडी दिली आणि हात धुतले.

तिसऱ्या दिवशी बाई हजर. हातात पेन्सिल. मला म्हणाल्या, ये, तुला एक प्रयोग दाखवते. डिकीत पेन्सिल ठेवली आणि ती संथपणे डावीकडे मागच्या कोपऱ्यात गेली. पुन्हा ठेवली, पुन्हा गेली. ‘आता तूच सांग, गाडी कलते आहे की मी?’ मी मोजलं. मागचा डावा कोपरा चौदा मिलिमीटर खाली.

मला लाज वाटली, पण खरं सांगू, थोडी मजाही वाटली. बऱ्याच दिवसांत इतकं नीटस कोडं पडलं नव्हतं. आमच्याकडे असताना बरोबर, रस्त्यावर जाऊन आली की वाकडी. बलूनला साबणाचं पाणी लावलं, एक बुडबुडा नाही. सेन्सर काढून दुसरा लावून पाहिला. मग पाट्यांवर संशय आला. इतक्या वर्षांत एखादी खचली असेल. माळ्यावरून ती जुनी नळी काढली, पाणी भरलं आणि बाबांना म्हटलं, एक टोक धरा. ते म्हणाले, ‘खाली बसून तू धर, मी उभा राहून वरचं बघतो.’ मी म्हटलं, बाबा, पाट्या जमिनीत आहेत. तेव्हा त्यांनी नळीचं टोक एका जड डब्याला तारेनं बांधलं आणि हसून म्हणाले, हा तुझ्या दादापेक्षा बरा, हलत तरी नाही. पाट्या केसभरही खचल्या नव्हत्या. बाबांनी केलेलं काम ते.

दुसऱ्यांदा सगळं पहिल्यापासून केलं. पुन्हा मोजलं तेव्हा बरोबर, आणि दोन दिवसांनी बाई पुन्हा दारात. या वेळी त्यांची आणखी एक तक्रार होती. मागच्या सीटवर मलमाचा वास येतो म्हणे. ‘तुम्ही गाड्यांची कंबरही चोळून देता का?’ मी हसले आणि तो वास सोडून दिला, कारण मला वासाचं नाही, उंचीचं पडलं होतं. इथे थांब, दादा, कारण तू इथेच थांबला असतास. या वेळी कोपरा अकरा मिलिमीटर खाली होता.

चौदा, मग अकरा. ते दोन आकडे मी चहाच्या बिलामागे लिहून दिवसभर खिशात बाळगले. गिऱ्हाइकाशी बोलता बोलता काढून बघायचे. लोखंडाची चूक रोज तेवढीच असते. पाटी खचली तर ती जितकी खचली तितकीच खचलेली राहणार. मग ही चूक कमीजास्त कशी होते? सुट्टीच्या दिवशी शटर अर्धं ओढून, एकटीनं, तिसऱ्यांदा तेच काम केलं. नंतर गाव ओलांडून मोठी चक्कर मारून आले. पेन्सिल ठेवली. हलली नाही. पुन्हा पुन्हा ठेवली, तरी हलली नाही.

तिथेच गाडी बाईंना देऊन मोकळी झाले असते तर हे पत्र तुला आलं नसतं. पण मला राहवेना. जे एकटीनं केल्यावर बरोबर येतं ते चारचौघांत का बिघडतं, हे कळल्याशिवाय झोप लागली नसती. मी बाईंना फोन करून गाडी आणखी एक दिवस मागून घेतली. दुसऱ्या दिवशी अकराच्या सुमाराला, रोजच्या गडबडीत, पुन्हा मोजमाप सुरू केलं. मागच्या डाव्या मडगार्डला चुंबकानं एक पट्टी लटकवली, काचेच्या खोलीकडे निघाले, दार वाजवून लावलं आणि आत न जाता खांबाआड उभी राहिले, तिथून तेवढं मडगार्ड दिसत होतं. दोनेक मिनिटं काही नाही. मग माझ्या डोळ्यांदेखत पट्टी खाली सरकली. सावकाश, जपून, कुणीतरी श्वास सोडावा तशी. लॅपटॉपच्या समोर असते तर याच वेळी मी बटण दाबलं असतं.

मी जाऊन मागचं दार उघडलं. बाबा आत बसले होते, पलीकडच्या दारानं शिरून अलीकडे सरकलेले. गिऱ्हाइकाची गाडी घाण होऊ नये म्हणून बूट काढून वर्तमानपत्रात गुंडाळून मांडीवर घेतले होते. डावी विजार गुडघ्यापर्यंत वर, गुडघा सुजून गुळगुळीत झालेला, आणि शेजारी मलमाची डबी उघडी. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू वर्गात डबा खाताना पकडले गेलेत. म्हणाले, ‘दोनच मिनिटं बसतो. तू आकडे भरतेस तेवढीच.’ शिट्टी वाजली की उतरायचे. दिवसभरात मी ज्या वेळी त्यांच्याकडे नक्की बघत नाही अशा त्या दोन मिनिटांचा त्यांनी शोध लावला होता. आणि हे कुणी, तर आत कुणी नको हा नियम ज्यांनी शिकवला त्यांनी. मी काहीतरी बोलायचं म्हणून ‘बाबा, गाडी बिघडते त्यानं’ असं म्हटलं. ते म्हणाले, ‘मला वाटलं, माझ्या एवढ्याशा वजनानं काय व्हायचंय.’

मी त्यांच्या शेजारी जाऊन बसले. गाडी आणखी थोडी खाली गेली. किती दिवस असं चाललंय विचारलं तर म्हणाले, खुर्ची गेल्यापासून. खांबापाशी त्यांची लोखंडी खुर्ची असायची, तुला आठवेल. गाड्या उचलायची नवी लिफ्ट बसवली तेव्हा जाण्यायेण्याला अडचण नको म्हणून मीच ती माळ्यावर टाकली. तात्पुरती. पाण्याची नळी काढायला चढले तेव्हा तीच बाजूला सरकवून नळी घेतली होती मी, आणि तरीही काही लक्षात आलं नाही. त्यांनी मागितली नाही. मागितली असती तर मी म्हटलं असतं, घरी जाऊन पडा की जरा, आणि हेच त्यांना ऐकायचं नव्हतं.

आता शेवट. मागच्या वेळी निघताना तू फाटकापाशी मला म्हणालास, बाबा चालताना डावीकडे कलतात, दिवसभर उभे असतात, तुला दिसत नाही का? आणि मी जे बोलले ते मला शब्दन् शब्द पाठ आहे. दोन वर्षांनी येणाऱ्याला सगळंच वाकडं दिसतं, मी रोज बघते, असं म्हणाले. तू गाडीत बसलास, काच वर केलीस आणि त्यानंतर आपला फोनही बंद झाला. मी खोटं बोलले नव्हते रे. मी खरंच रोज बघत होते. रोज बघता बघता त्यांचं ते कललेलं चालणं हेच मला सरळ वाटायला लागलं. आई असती तर तिनं टोकलं असतं. तू टोकलंस, तर मी तुलाच लांबचा ठरवलं. तुझं बरोबर होतं, दादा. हे फोनवर बोलता आलं नसतं, म्हणून आधी बिघाड लिहिला.

डॉक्टरांना दाखवलं. गुडघा बदलावा लागेल, पुढच्या महिन्याच्या नऊ तारखेला. बाबा कबूल झालेत, एका अटीवर, की तुला कळवायचं नाही. ‘तो म्हणेल, मी सांगत होतो.’ मी मान हलवली आणि दुसऱ्या दिवशी हे पत्र लिहायला बसले. खुर्ची खांबापाशी परत ठेवली आहे. अजून बसत नाहीत, तिच्या पाठीवर हात टेकून उभे राहतात, पण आहेत तिच्याजवळ. बाईंना सगळं सांगितलं, त्या गाडी घेऊन गेल्या आणि मलमाची नवी डबी पाठवून दिली, वर पेन्सिलीनं ‘सीटवर सांडू नये’ असं लिहून. नऊ तारखेला मला तू इथे हवा आहेस. धावपळीचं मी निभावून नेईन. पण ऑपरेशननंतर ते उभे राहून पहिली पावलं टाकतील तेव्हा ती सरळ पडतायत का, हे मला सांगता येणार नाही. माझे डोळे त्यांना इतके सरावलेत की मी काहीही बरोबर म्हणेन. तू लांबून येशील, तुला दिसेल. मी तुझ्यावर चिडेन कदाचित, तरी सांग. आणि या वेळी तुझं टोक हलवू नकोस.

वाट पाहते आहे.

तुझीच,
बारा-तेरा