‘क्षमस्व’ची ओळ

३ फेब्रुवारी
“तुझा पेला वेगळा ठेवलाय हं, बाळा.” नाशिकला, मी नऊ वर्षांची असताना, आई माझ्या वर्गमैत्रिणीला म्हणाली होती. किती प्रेमाने.
आज आठवलं ते मीराच्या प्रूफमुळे. इथल्या, लेस्टरच्या मराठी मंडळाच्या मासिकात रेखावहिनींची जाहिरात आहे, त्यांच्या मुलासाठी, ओमसाठी वधू पाहिजे. शेवटी ‘एससी/एसटी क्षमास्व’. मी न वाचताच पुढे पाठवली होती. संपादक म्हणे.
मीरा नागपूरची, बौद्ध. इथे हॉस्पिटलात फार्मसिस्ट. सहा वर्षं आमची प्रुफं तपासते. तिने लाल शाईने ‘क्षमास्व’चं ‘क्षमस्व’ केलंय. बाकी काही नाही.

५ फेब्रु.
ओळ काढली. वहिनींना फोन केला. लेस्टरला आले तेव्हा तीन महिने त्यांच्याच घरी राहिले होते.
“अगं, क्षमस्व म्हटलंय ना? शिवी दिलीय का?”
“वहिनी, मीराने वाचलं ते.”
“मग? ती समजूतदार आहे. तुझ्यासारखी नाही. आणि ओमला तर यातलं काही कळतही नाही.”
मग ओळ कोणासाठी, ते विचारायचं राहिलं. ऑफिसात गोरे कसे डावलतात, हा वहिनींचा लेख गेल्या वर्षी मीच पहिल्या पानावर घेतला होता. 

८ फेब्रु.
मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर विषय मीच. “संपादक केलंय, समाजसुधारक नाही.” त्याखाली अंगठे. मोजायचे नाहीत, ठरवलं.
बेलग्रेव्ह रोडवर भाजी घेताना मंडळातल्या दोघी समोरून आल्या आणि पलीकडे गेल्या.
हे म्हणाले, “एका ओळीसाठी?”
मीराचा फोन. “सोड गं. मला सवय आहे. पुढचं प्रूफ कधी पाठवतेस?” ठेवल्यावर रडले. तिच्यासाठी की स्वतःसाठी, कोण जाणे.

११ फेब्रु.
अध्यक्षांची ईमेल. “ताई, आपण थकला असाल.” म्हणजे ओळ परत घाला, नाहीतर रविवारच्या मीटिंगमध्ये दुसरा संपादक. ओळ घालणार नाही. पण सोमवारपासून या गावात मी कोणाशी मराठीत बोलणार?

१२ फेब्रु.
वहिनींना मेसेज. नाहीच म्हणणार त्या. तरी पाठवला.
वहिनी, रविवारी ओळ छापायची ठरली, तर आधी तुम्ही ती सगळ्यांसमोर मोठ्याने वाचाल का? मीराकडे बघून.