खिडकीकडची भिंत

ता. ३ फेब्रुवारी

ती. सौ. वन्सं यांस,
शि. सा. न. वि. वि.

तुमचं पत्र पोचलं. उत्तराला उशीर झाला, त्याला कारण तुमची भाची. छकुलीचा खोकला चार महिने हटत नव्हता. डॉक्टरांनी औषधं बदलून पाहिली आणि शेवटी ती झोपते कुठे ते विचारलं. मधल्या खोलीत म्हटल्यावर स्वतः येऊन पाहून गेले. भिंतींवरच्या कागदामागे ओल धरून बुरशी आली आहे, तो कागद काढा, दुसरं औषध नाही, म्हणाले.

तर काढायला घेतला आहे. कोमट पाण्यात साबण कालवायचा, स्पंजने कागद भिजवायचा, पंधरा मिनिटं मुरू द्यायचा आणि मग लांबी भरायची रुंद पट्टी आडवी धरून सरकवायची. घाई केली की कागद गिलाव्यासकट येतो. पहिल्या दिवशी मी घाई केली. ह्यांनी आधी खोलीची वीज बंद केली, मग बंद झाली का ते पाहिलं, मग परत पाहिलं. तुम्ही सगळे ह्यांना ‘काडी’ म्हणता ते अंगकाठीवरूनच ना? आता शिडी कुरकुरते हो!

अडचण एकच. खिडकीकडच्या भिंतीला आई हात लावू देत नाहीत. खुर्ची टाकून तिथेच बसल्या आहेत. तुमचा शब्द त्या मोडत नाहीत, जरा समजवा.

तुमच्या लोभातली,
वहिनी

ता. ९ फेब्रुवारी

चि. सौ. वहिनीस अनेक आशीर्वाद.

तुझ्या हातात पट्टी आली म्हणजे भिंतीचं काही खरं नाही! छकुलीला मध-पाणी देत जा, आणि काम चालू आहे तोवर तिला तुमच्या खोलीत झोपव.

आईचं मात्र ऐक. तीन भिंती सोल आणि चौथीवर वरूनच रंग दे. म्हाताऱ्या माणसाशी कशाला वाद? तिला काही विचारू नकोस. भाऊ त्या भिंतीबद्दल काही बोलला का? बोलला तर मला कळव.

शाळेत परीक्षा तोंडावर आहेत, वह्यांचा डोंगर समोर आहे, म्हणून इथेच थांबते. माया आहेच.

तुझी,
वन्सं

ता. १८ फेब्रुवारी

ती. सौ. वन्सं यांस,
शि. सा. न. वि. वि.

तुमचं ऐकून चौथी भिंत सोडली होती. पण ओल कुणाचं ऐकते? परवा आई आंघोळीला गेल्या आणि खिडकीखालचा कागद आपसूक सुटून हातभर लोंबला. मागे भिंत काळी. बुरशी समजून मी पुसायला गेले तर पुसली जाईना.

हे दुकानातून आले, पाहिलं आणि खाली बसले. मग म्हणाले की लहानपणी काडेपेटीशी खेळताना त्यांनी ही खोली पेटवली होती. लग्नाला बारा वर्षं झाली, वन्सं, एका शब्दाने कधी बोलले नव्हते. छकुलीला कळू देऊ नकोस, बाप असा होता हे तिला कशाला, असं मला दोनदा सांगितलं. तेव्हापासून जेवणावर लक्ष नाही. तुम्ही धाकट्या भावाला दोन ओळी लिहा. थोरल्या बहिणीचं पत्र आलं तर बरं वाटेल.

तुमची,
वहिनी

ता. २४ फेब्रुवारी

चि. भाऊस अनेक आशीर्वाद.

आज काडी म्हणून हाक मारत नाही. तू हे एकटा असताना वाच.

ती आग तू लावली नव्हतीस. मी लावली.

दुसऱ्या दिवशी वर्गाचा फोटो होता आणि मी फ्रॉकला इस्त्री करत होते. मैत्रिणीने खालून हाक मारली. इस्त्री पडद्याला टेकवून तशीच पळाले. तू जिन्यात गोट्या खेळत बसला होतास, मी तुला ओलांडून गेले. परत आले तेव्हा बाबा बादल्या ओतत होते आणि तू दारात उभा होतास. आदल्याच आठवड्यात तुझ्या हातात काडेपेटी सापडली होती, त्यामुळे बाबांनी कुणाला काही विचारलंच नाही. ते तुला ओढत बाहेर नेत होते तेव्हा मी जळक्या पडद्याखालून इस्त्री काढली आणि कपाटात लपवली. तू आठ वर्षांचा होतास, मी तेरा. सगळं कळत होतं मला.

तुला वसतिगृहात टाकल्यावर मी आईला सांगितलं. तिने आधी दार लावून घेतलं. मग म्हणाली की तो लहान आहे, विसरेल; बाबांना कळलं तर तुझी शाळा मात्र सुटेल. पुढच्या आठवड्यात तिने कागदाची गुंडाळी आणली आणि स्वतः खळ शिजवली. मी शिकले, मास्तरीण झाले, ते असं.

गेल्या वर्षी कुलूप लावून निघाल्यावर तू गॅस पाहायला तीनदा मागे फिरलास. सगळ्यांत मोठ्याने मी हसले. मला माहीत होतं तू का फिरतोस, तरी हसले.

लोभ ठेव असं कोणत्या तोंडाने लिहू? चार शिव्या लिहिल्यास तरी चालतील, पण पत्र लिही.

ताई

ता. २२ मार्च

ती. ताईस सा. न. वि. वि.

बरेच दिवस लिहिलं नाही. पत्र खिशात घेऊन फिरत होतो. दुकानात एका गृहस्थांना त्यांच्या बायकोच्या नंबराचा चष्मा देऊन बसलो. त्यांनी तो घालून माझ्याकडे पाहिलं, तेव्हा चूक कळली.

मार मी विसरलो होतो. वसतिगृहातही पुढे रुळलो. पण ताई, मला हातातली पेटती काडी आठवते. बोटाला बसलेला चटका आठवतो, पडद्याची किनार आक्रसताना दिसते. तू म्हणतेस मी जिन्यात होतो. मग हे सगळं माझ्या डोक्यात आलं कुठून? तुम्ही सगळ्यांनी इतक्या वेळा सांगितलंत की मीच ते रचून ठेवलं आणि तीस वर्षं खरं मानलं. राग त्याचा आहे. तुझा येतो, आईचा येतो. बाबांचाही येतो, पण तो कुणावर काढू?

गेल्या रविवारी ती भिंत सोलली. आईला काही बोलायचं नाही असं ठरवलं होतं. तिनेच खुर्ची बाजूला ओढली आणि भिजवलेला स्पंज माझ्या हातात दिला. अर्धी भिंत झाल्यावर म्हणाली की तिला दोन्ही लेकरं वाचवायची होती, एकच जमलं. दुसरंही तसं बरं निघालं, असं मी म्हणालो. त्यावर ती रडली, मग मीही. तुझी वहिनी शिडीवरच होती. उतरावं की थांबावं तिला कळेना.

छकुलीचा खोकला उतरतो आहे. काल ती भिंतीसमोर उभी राहिली आणि हे कुणी जाळलं म्हणून विचारू लागली. आई माझ्याकडे पाहायला लागली. मी छकुलीला सांगितलं, आत्याला विचार.

तेव्हा तुला यावं लागेल. परीक्षा संपल्या की लगेच ये. तिला सगळं सांग, इस्त्रीसकट. तोवर भिंतीला गिलावा करत नाही.

लोभ आहे, ताई. सध्या रागाखाली दबला आहे, पण आहे.

तुझा,
भाऊ